तासिका तत्त्वावर चाळिशी ओलांडली : प्राध्यापक भरतीतलं वय आणि न्याय

प्रश्न थोडक्यात असा आहे. नाशिकमधल्या एक ताई, वय 41 पूर्ण, खुला प्रवर्ग, इतिहासात एम.ए., सेट (प्राध्यापकपदाची राज्यस्तरीय पात्रता परीक्षा) आणि पीएच.डी. गेली दहा-अकरा वर्षं शहरातल्या आणि तालुक्यांतल्या महाविद्यालयांत तासिका तत्त्वावर, म्हणजे तासागणिक मानधनावर, शिकवतात. सरकारी महाविद्यालयाच्या जाहिरातीत वयात बसल्या नाहीत. एका अनुदानित महाविद्यालयात मुलाखत झाली, पण बाहेर आल्यावर कुणीतरी हळूच सांगितलं, "मॅडम, तुमचं वय जरा जास्त झालं." त्या विचारतात : वयाची अट न्याय्य आहे का? माझ्यावर ती खरंच लागू होते का? आणि आता करू काय, पुन्हा नेट, म्हणजे राष्ट्रीय पातळीची पात्रता परीक्षा, देत बसू का?

मी अर्थशास्त्र शिकवलं, पुढे प्राचार्य झालो, आणि निवड समित्यांवर कधी महाविद्यालयाकडून तर कधी विद्यापीठाकडून बसलो. टेबलाच्या त्या बाजूला काय बोललं जातं ते मी ऐकलेलं आहे. ते सगळंच इतिवृत्तात येत नाही.

ताई, आधी दोन गोष्टी वेगळ्या करा. तुम्हाला दोन ठिकाणी "वय" हेच कारण मिळालं, पण ती दोन कारणं एक नाहीत.

सरकारी महाविद्यालयं, म्हणजे मुंबईचं इस्माईल युसुफ किंवा अमरावतीची विदर्भ ज्ञान-विज्ञान संस्था यांसारखी, थेट शासनाची. तिथली भरती लोकसेवा आयोगामार्फत होते आणि राज्य सेवेतल्या सरळसेवा भरतीची वयोमर्यादा तिथे आडवी येते. 2016 पासून ही सर्वसाधारण मर्यादा खुल्या प्रवर्गाला 38 आणि मागासवर्गीयांना 43 आहे, त्याआधी ती 33 आणि 38 होती. दिव्यांगांना 45. तासिका तत्त्वावरची वर्षं म्हणजे शासकीय सेवा नव्हे, त्यामुळे त्या जोरावर सवलत मागता येत नाही. तो दरवाजा तुमच्यासाठी बंद आहे, आणि शासनाने पुन्हा एखादी शिथिलता आणल्याशिवाय तो उघडणार नाही.

नाशिकमधली बहुतेक महाविद्यालयं मात्र खासगी संस्थांची, अनुदानित, आणि सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाला संलग्न. तिथे पात्रता ठरते ती विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 18 जुलै 2018 च्या विनियमांवरून. त्यात सहायक प्राध्यापकासाठी वयाची कमाल मर्यादा नाही. पदव्युत्तरला 55 टक्के आणि नेट किंवा सेट, किंवा आयोगाच्या नियमांत बसणारी पीएच.डी. मध्यंतरी विद्यापीठ विभागांसाठी पीएच.डी. सक्तीची होणार होती, ती तारीख 2021 वरून 2023 वर गेली आणि जून 2023 मध्ये सक्तीच काढून टाकली. म्हणजे ज्या जाहिरातीत वयाची अट छापलेली नाही, तिथे समितीला "वय जास्त" म्हणून कुणाला नाकारण्याचा अधिकार नाही. खेळ सुरू झाल्यावर नियम बदलू नयेत हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर 2024 मध्ये तेजप्रकाश पाठक प्रकरणात पुन्हा स्पष्ट केलं : भरतीच्या सुरुवातीला जाहीर केलेले पात्रतेचे निकष, नियमांतच तशी सोय नसेल तर, मध्येच बदलता येत नाहीत. तोंडी लावलेली वयाची अट याहून वेगळी कशी?

पण कुणी ती लेखी देत नाही, अडचण तिथेच आहे. इतिवृत्तात एवढंच येतं की अमुक उमेदवार अधिक योग्य वाटला.

हे कसं घडतं ते सांगतो. मुलाखती संपतात, चहा येतो, आणि संस्थेचा एखादा पदाधिकारी फाईलवरची जन्मतारीख बोटाने दाखवत विचारतो, "यांची सर्व्हिस किती उरली?" हा प्रश्न मी एकाहून अधिक ठिकाणी ऐकला आहे. विचारणारे वाईट नसतात. त्यांच्या डोक्यात जुनी पेन्शन असते. पूर्वी दहा वर्षं अर्हताकारी सेवा झाली नाही तर निवृत्तिवेतन मिळत नसे आणि पूर्ण पेन्शनला त्याहून बरीच जास्त सेवा लागे. उशिरा आलेला माणूस पुढे अर्ज-विनंत्या करत बसणार, संस्थेच्या डोक्याला ताप, हा तो हिशेब. आता 1 नोव्हेंबर 2005 पासून पुढे नेमलेल्या माणसाला ती पेन्शनच नाही. अंशदान योजना आली आणि तिच्यात जेवढी वर्षं तेवढी रक्कम. ज्या योजनेवर हा युक्तिवाद उभा होता ती गेली, युक्तिवाद मात्र राहिला.

दुसरा आक्षेप असतो, "इतक्या उशिरा येऊन पुढे काय होणार?" तोही मोजून बघा. पीएच.डी. असलेल्या सहायक प्राध्यापकाला पहिली पदोन्नती चार वर्षांनी मिळू शकते, मग पाच, मग तीन वर्षांनी सहयोगी, आणि पुढे तीन वर्षांनी प्राध्यापक. बेरीज 15. बेचाळिशीत रुजू झालेली व्यक्ती सगळे निकष वेळेवर पूर्ण करत गेली तर सत्तावन्नाव्या वर्षी प्राध्यापक होते. महाराष्ट्रात साधारण साठीला निवृत्ती, केंद्रीय विद्यापीठांत 65. अठरा वर्षं शिकवणारा माणूस महाविद्यालयाला कमी वाटावा याचं कारण मला तरी सापडलेलं नाही.

आता न्यायाचा प्रश्न. कमाल वयोमर्यादा ही मुळातच अन्यायाची, असं मी म्हणणार नाही. पोलीस, वन, महसूल या खात्यांत दीर्घ प्रशिक्षण असतं, अंगमेहनत असते, वरिष्ठतेची उतरंड असते. तिथे मर्यादा समजते. शिक्षकी पेशात हे कारण पातळ होतं. इतिहास शिकवायला चाळीस वर्षांचा माणूस तीस वर्षांच्या माणसापेक्षा कमी लायक असतो असं म्हणायला माणूस धीट लागेल. तरीही एक बाजू खरी आहे, की सव्वीस-सत्तावीस वर्षांची नेट झालेली मुलं-मुलीही दारात उभी आहेत, आणि मर्यादाच नसेल तर आमची पाळी कधी, हा त्यांचा प्रश्न चुकीचा नाही. माझ्याकडे दोन्ही वयांची माणसं सल्ल्याला येतात आणि दोघंही एकमेकांवर चिडलेली असतात. जागा काढल्या नाहीत ती तिसरी बाजू यात कुणाला आठवत नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे : वयाची अट तेव्हाच न्याय्य, जेव्हा जाहिरात दरवर्षी निघते. ज्या वर्षी दार उघडलंच नाही ते वर्ष उमेदवाराच्या वयात धरू नका.

गेल्या काही वर्षांचा क्रम बघा. 2017 मध्ये शासनाने नव्या नेमणुका थांबवल्या. नोव्हेंबर 2018 मध्ये रिक्त जागांच्या 40 टक्के, म्हणजे सहायक प्राध्यापकांच्या 3,580 जागा भरायला परवानगी मिळाली. त्या भरून होण्याआधीच कोरोना आला आणि 4 मे 2020 च्या आदेशाने पुन्हा सगळं गोठलं. नोव्हेंबर 2021 मध्ये उरलेल्या 2,088 जागांना हिरवा कंदील मिळाला. मग जागा भरायला शासनाची नाहरकत, बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची, हे ठरवणारी यादी), जाहिरात, अर्ज, छाननी, तज्ज्ञांच्या तारखा. आपल्याकडे बिंदुनामावली तपासायला नाशिकरोडला विभागीय आयुक्तांच्या मागासवर्ग कक्षात आणि नाहरकतीसाठी पुण्याला सहसंचालकांकडे खेटे घालावे लागतात. एका शेऱ्यापायी फाईल परत आली की सिन्नर-संगमनेर-चाकण पुन्हा एकदा. नाशिक-पुणे रेल्वेची चर्चा ऐकत आमची पिढी निवृत्त झाली. हे सगळं चाललं तेव्हा तुम्ही ऐन तिशीत होता, ताई. जागा निघायला लागल्या तेव्हा चाळिशी दिसू लागली. ही वर्षं तुमच्यामुळे गेली नाहीत.

आणि हे मी काही क्रांतिकारक सांगत नाही, शासनाने स्वतःच एकदा हे मान्य केलं आहे. कोरोनात भरती रखडली म्हणून मार्च 2023 मध्ये सरळसेवेच्या कमाल वयात दोन वर्षांची सूट दिली, त्या वर्षाअखेरपर्यंतच्या जाहिरातींना. तत्त्व बरोबर होतं, मुदत तोकडी होती. तेच तत्त्व कायमचं नियमात घातलं, की मागच्या जाहिरातीपासून जितकी वर्षं गेली तितकी वयात सूट, तर निम्मी भांडणं मिटतील.

खुल्या प्रवर्गातल्या लोकांकडून या वेळी हमखास एक वाक्य येतं, "त्यांना त्रेचाळीस आणि आम्हाला अडतीस का?" तुम्ही ते लिहिलं नाही, बरं केलंत. ती पाच वर्षं काढून घेतली तरी तुमच्या वयात एक दिवसही कमी होणार नाही.

नियम मध्येच बदलले की मधल्या पिढीची फरफट होते, हेही महाराष्ट्राला नवं नाही. 19 सप्टेंबर 1991 ते 3 एप्रिल 2000 या काळात नेट-सेट नसताना लागलेल्या प्राध्यापकांचा प्रश्न 27 जून 2013 च्या शासन निर्णयापर्यंत रेंगाळला, आणि त्यानंतरही न्यायालयांत चालूच राहिला. त्यातले कितीतरी माझे सहकारी होते. वर्गात उत्तम, सेवापुस्तकात अर्धवट.

आता जरा बारकाईच्या गोष्टीकडे वळतो, कारण खरं नुकसान तिथे होतं आणि ते थोडंफार टाळता येतं.

2018 च्या विनियमांत महाविद्यालयांसाठी मुलाखतीला कुणाला बोलवायचं हे ठरवण्याचा शंभर गुणांचा तक्ता आहे. पदवीला जास्तीत जास्त 21, पदव्युत्तरला 25, पीएच.डी.ला 25. नेटसह जेआरएफ (त्याच परीक्षेतून मिळणारी संशोधन शिष्यवृत्ती) असेल तर 10, नुसती नेट 8, सेट 5. शोधनिबंधांना प्रत्येकी 2, कमाल 6. अध्यापनाच्या अनुभवाला वर्षाला 2, कमाल 10. पुरस्कारांना 3.

या तक्त्यात वय हा शब्द कुठेही नाही, पण वय आहे. जेआरएफला वयाची अट आहे : सर्वसाधारण गटातल्या पुरुषाला तिशीपर्यंत, महिलांना आणि राखीव गटांना पाच वर्षांची सवलत. म्हणजे ते जादा दोन गुण ठरावीक वयातच कमावता येतात. अनुभवाचे गुण पाच वर्षांवर थांबतात, पुढची पाच-सहा वर्षं तक्त्याच्या लेखी शून्य. आणि टक्केवारी! वीस वर्षांपूर्वी पुणे विद्यापीठात इतिहासाच्या एम.ए.ला साठ टक्के मिळाले तर विभागप्रमुख पेढे मागत. आज श्रेयांक पद्धतीत ऐंशीच्या घरात जाणारी गुणपत्रकं छाननीच्या टेबलावर सहज दिसतात. दोघांना एकाच पट्टीने मोजायचं हा न्याय मला कधीच पटला नाही.

एक उदाहरण करून बघू. तुमच्यासारखी उमेदवार : बी.ए. 58 टक्के म्हणजे 16, एम.ए. 61 म्हणजे 23, पीएच.डी. 25, सेट 5, निबंध 6, अनुभव 10. एकूण 85. समोर एकोणतीस वर्षांचा मुलगा : बी.ए. 78 म्हणजे 19, एम.ए. 82 म्हणजे 25, पीएच.डी. 25, जेआरएफ 10, एक निबंध 2, एक वर्षाचा अनुभव 2. एकूण 83. तुम्ही पुढे आहात. आता छाननी करणाऱ्याने तुमचा अनुभव ग्राह्य धरला नाही तर? 75. कित्येक ठिकाणी मुलाखतीला बोलावण्याची रेघ याच दहा गुणांच्या आत पडते.

आणि अनुभव का ग्राह्य धरत नाहीत? कारण कागद नसतो. तासिका तत्त्वावरच्या माणसाला दरवर्षी महाविद्यालयाचं नेमणूकपत्र मिळतं, पण त्या नेमणुकीला विद्यापीठाची मान्यता घेतलेली असेलच असं नाही. कार्यालयातले लोक म्हणतात, "मॅडम, पाठवलंय, येईल." वर्ष संपतं, तुम्ही दुसऱ्या महाविद्यालयात जाता, मान्यतापत्र कुणाच्या तरी कपाटात राहतं. माझ्यासमोर एका छाननीला एका बाईंनी सात वर्षांची अनुभवपत्रं ठेवली होती, सगळी प्राचार्यांच्या सहीची, सुबक, प्लॅस्टिकच्या कव्हरात. मान्यता फक्त दोन वर्षांची. समितीने चार गुण दिले. बाई म्हणाल्या, "पण सर, मी शिकवलंय." ते कुणीच नाकारत नव्हतं.

म्हणून पहिलं काम हे. जिथे जिथे शिकवलं त्या प्रत्येक महाविद्यालयात जा आणि वर्षवार तीन कागद मागा : नेमणुकीचा आदेश, विद्यापीठाचं मान्यतापत्र, आणि तासांचा व मानधनाचा तपशील. देत नसतील तर माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करा. अनुदानित महाविद्यालय सार्वजनिक प्राधिकरणात मोडतं, तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. बँकेच्या पासबुकातल्या नोंदीही जपून ठेवा.

एक कटू गोष्ट आत्ताच सांगतो, नंतर धक्का नको. ही वर्षं प्रवेशाच्या छाननीला उपयोगी पडतील, पण पुढे पदोन्नतीसाठी पूर्वसेवा म्हणून बहुधा धरली जाणार नाहीत. त्यासाठी विनियमांत अट आहे की त्या काळातलं एकूण वेतन नियमित सहायक प्राध्यापकाच्या वेतनापेक्षा कमी नसावं. नियमित माणसाची सुरुवात 57,700 मूळ वेतनाने होते. आठवड्याला मोजके तास घेणारा, उन्हाळ्यात मानधन न मिळणारा माणूस ही अट कशी पुरी करणार? सकाळी ओझर, दुपारी सिडको, पेट्रोल स्वतःचं, असं करणाऱ्यांना हा नियम म्हणतो की तुम्हाला कमी पैसे दिले म्हणून तुमची सेवा कमी. सगळ्या नियमावलीतलं मला सर्वांत टोचणारं कलम हेच. ऑगस्ट 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गुजरातच्या शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालयांतल्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना किमान वेतनश्रेणी द्यायला सांगितलं. ते प्रकरण कंत्राटी पूर्णवेळ शिक्षकांचं होतं, तुमच्या तासिकांना जसंच्या तसं लागू पडत नाही, पण वारा कुठल्या दिशेला आहे ते कळतं.

पुढचा टप्पा मुलाखत. 2010 च्या विनियमांत निवडीचं वजन वाटून दिलेलं होतं : शैक्षणिक कामगिरी व संशोधन 50 टक्के, विषयज्ञान व अध्यापन कौशल्य 30, मुलाखत 20. 2018 मध्ये तक्ता फक्त मुलाखतीला बोलावण्यापुरता उरला आणि अंतिम निवड मुलाखतीवर गेली. 85 गुणांचा माणूस आणि 62 गुणांचा माणूस दारातून आत आले की सारखे. "सर्व्हिस किती उरली" हा प्रश्न याच मोकळ्या जागेत शिरतो. डोनेशनची बोलीही याच जागेत शिरते, आणि चाळिशीच्या उमेदवाराला ती जास्त चढी असते, कारण त्याची गरज चेहऱ्यावर दिसते. तुम्हाला कुणी आकडा सांगितला तर शेत, दागिने, काहीही विकू नका. पैसे घेणारा पावती देत नाही, आणि मान्यता विद्यापीठ देतं, तो नव्हे.

समितीबद्दल एवढं माहीत असू द्या : संस्थेचे अध्यक्ष किंवा त्यांचा प्रतिनिधी, प्राचार्य, विभागप्रमुख, कुलगुरूंचे दोन प्रतिनिधी, आणि बाहेरचे दोन विषयतज्ज्ञ. गणसंख्या पाचची, त्यातही तज्ज्ञ हवेतच. इतिवृत्त त्याच दिवशी पूर्ण होऊन सगळ्यांच्या सह्या व्हायला हव्यात. मुलाखत आज आणि सह्या पुढच्या महिन्यात, असं दिसलं तर त्याची नोंद ठेवा.

तुमच्या झालेल्या मुलाखतीबाबत : माहितीच्या अधिकारात जाहिरातीची प्रत, छाननी तक्ता आणि निवड समितीचं इतिवृत्त मागवा. छाननीत तुमचे गुण चुकीचे धरले असतील तर त्याच कागदावर विद्यापीठाकडे लेखी हरकत घ्या, निवड झालेल्या उमेदवाराच्या नेमणुकीला मान्यता मिळण्याआधी. विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण हे नोकरीत असलेल्यांसाठी आहे, न निवडलेल्या उमेदवाराला तिथे सहसा उभं राहता येत नाही. तुमच्यासाठी उच्च न्यायालयातली रिट याचिका, आणि नाशिक जिल्हा मुंबईच्या मुख्य पीठाकडे येतो, औरंगाबादकडे नाही. नुसत्या तोंडी वाक्यावर याचिका करू नका, टिकणार नाही. जाहिरातीत नसलेली अट लावल्याचा किंवा गुण कापल्याचा कागद हातात असेल तरच वकिलाकडे जा.

नेटचं विचारलंत. तिला वयाची मर्यादा नाही, वर्षातून दोनदा होते. सेटचे 5 जाऊन 8 मिळतील, आणि सेट राज्यापुरती चालते ती अडचणही जाईल. तीन गुणांसाठी सहा महिने घालवायचे की नाही हे तुमच्या मान्यतापत्रांवर अवलंबून आहे. अनुभवाचे दहा पूर्ण मिळत असतील आणि शोधनिबंध तीन असतील तर नेट द्या, उरलेली भर तिथेच घालता येते. कागदच अपुरे असतील तर आधी ते गोळा करा. पहिला पेपर, अध्यापन आणि संशोधन क्षमतेचा, तुम्हाला जड जाणार नाही, रोज वर्गात तेच करता. दुसऱ्या पेपरात प्राचीन भारत आणि इतिहासलेखनशास्त्र यांवर जोर द्या. आपल्याकडचे विद्यार्थी मराठेशाहीत पक्के असतात आणि तिथे गुण सोडून येतात.